फेनवे पार्कवर सामन्याच्या दिवशी खिडकीवरून तिकीट काढायचंय? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

उन्हाळा आला की बॉस्टनच्या आसपासच्या मराठी घरांत पाहुणे येतात. कुणाचे आई-वडील, कुणाचे सासू-सासरे, कुणाचा नुकताच शिकायला आलेला भाचा. हार्वर्ड बघून होतं, व्हेल बघून होतात, मग कुणीतरी म्हणतं, "एक बेसबॉलची मॅच दाखव ना." अशा वेळी मला जे फोन येतात त्यांतले प्रश्न आणि त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. सगळं रेड सॉक्स संघाच्या फेनवे पार्कबद्दल आहे. इतर शहरांच्या स्टेडियमचे नियम वेगळे असतात, त्यामुळे हे तिकडे जसंच्या तसं लागू करू नका.

आधी बुकिंग न करता गेलो तर तिकीट खरंच मिळतं का?

बहुतेक वेळा मिळतं. ज्यांनी पंधरा-वीस वर्षांपूर्वीचं बॉस्टन पाहिलंय त्यांना हे पटत नाही, आणि त्यांचंही बरोबर आहे. मे २००३ ते एप्रिल २०१३ या काळात फेनवेचा एकूण एक सामना हाऊसफुल होता. प्लेऑफ धरून सलग ८२० सामने! २००४ साली संघाने ८६ वर्षांनी विजेतेपद मिळवलं, ते याच काळात. तेव्हा सामन्याच्या दिवशी तिकीट हवं असेल तर दुपारपासून रांगेत उभं राहण्याखेरीज इलाज नव्हता. आज तशी स्थिती नाही. मैदानाची क्षमता साधारण ३७ हजारांची, म्हणजे अमेरिकेतल्या मोठ्या स्टेडियमच्या मानाने लहानच. तरीही आठवड्यातल्या साध्या दिवशी जागा शिल्लक असतात.

नियमित हंगामात प्रत्येक संघ १६२ सामने खेळतो. त्यांतले ८१ घरच्या मैदानावर, मार्चअखेरपासून सप्टेंबरअखेरपर्यंत. वानखेडेवर वर्षातून हाताच्या बोटांवर मोजण्याइतके आंतरराष्ट्रीय सामने होतात, म्हणून तिथे झुंबड उडते. इथे संघ घरी असला की आठवडाभर जवळजवळ रोज खेळ असतो. मंगळवारी नाही जमलं तर बुधवारी जा.

मग कोणता दिवस निवडावा?

माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न हाच आहे. दिवस नीट निवडला की खिडकीवरची खटपट अर्धी संपते.

एप्रिल-मेमधले सोमवार ते गुरुवार सर्वांत सोपे. शाळा सुरू असतात आणि थंडी असते. ही थंडी मनावर घ्या. एप्रिलमध्ये रात्री नऊ वाजता फेनवेत बसायचं म्हणजे जाड जाकीट, टोपी आणि पांघरायला काहीतरी हवंच. नुकत्याच पुण्याहून आलेल्या आईला नुसत्या स्वेटरवर बसवू नका. पाहुण्यांसाठी मेअखेर ते मध्य जून हा काळ मला सगळ्यात आवडतो: हवा चांगली आणि गर्दी अजून बेताची.

खिडकीच्या भरवशावर जाऊ नये असेही दिवस आहेत. न्यूयॉर्क यांकीजशी सामना असला की भाव चढतात आणि जागा उडतात. १९१९ चा हंगाम संपल्यावर रेड सॉक्सने आपला नामवंत खेळाडू बेब रूथ याला यांकीजना विकल्यापासूनचं हे वैर आहे. दुसरा दिवस पेट्रियट्स डेचा, म्हणजे एप्रिलमधला तिसरा सोमवार. त्या दिवशी सामना सकाळीच सुरू होतो, बॉस्टन मॅरेथॉनही त्याच दिवशी असते आणि धावपटू मैदानाजवळच्या केनमोर चौकातून जातात. त्या दिवसाचं तिकीट आधीच काढून ठेवा. जुलै-ऑगस्टमधले शनिवारही असेच. खेळाडूंचे डोलणारे बाहुले फुकट वाटतात त्या दिवशी गर्दी का आहे हे आधी कळत नाही, म्हणून वेळापत्रकात तेवढं बघून घ्यावं.

खिडकी नेमकी कुठे आहे?

दोन ठिकाणं आहेत आणि लोकांची गल्लत इथेच होते.

पहिलं म्हणजे मुख्य तिकीट कार्यालय, जर्सी स्ट्रीटवर. (२०१८ पर्यंत या रस्त्याच्या तुकड्याचं नाव यॉकी वे होतं. जुने लोक अजून तेच नाव सांगतात, गोंधळू नका.) त्या दिवसाची आणि पुढच्या सामन्यांची शिल्लक तिकिटं इथे मिळतात. चारचौघांना शेजारी-शेजारी बसायचं असेल तर आधी इथेच या.

दुसरं म्हणजे गेट ई, लॅन्सडाउन स्ट्रीटवर, डावीकडच्या त्या प्रसिद्ध उंच हिरव्या भिंतीच्या पाठच्या बाजूला. ही खिडकी फक्त त्याच दिवसाच्या सामन्यासाठी आणि फक्त सामन्याआधी उघडते.

गेट ईची रांग कशी चालते?

सामना सुरू व्हायच्या साधारण ९० मिनिटं आधी विक्री सुरू होते. आतली दारंही त्याच सुमारास उघडतात. रांग फार आधीपासून लावू देत नाहीत. पाच तासांआधी उभं राहायचं नाही असा जुना नियम आहे. माणशी एकच तिकीट मिळतं आणि ते घेतलं की लगेच आत जायचं. बाहेर येऊन ते दुसऱ्याला देता येत नाही.

हा शेवटचा नियम ऐकून पुष्कळजण वैतागतात. "मी रांगेत उभा राहतो, तू पोरांना घेऊन सातला ये" हे गेट ईवर चालत नाही. ज्याला सामना बघायचाय त्याने स्वतः रांगेत हवं. मला हा नियम मनापासून पटतो. या तिकिटांवर दलालांची नजर असते. एकाच माणसाने दहा तिकिटं उचलून कोपऱ्यावर दुपटीने विकायची, हा धंदा या एका अटीने बंद होतो. उभं राहिलेल्या माणसालाच खिडकीच्या दरात तिकीट मिळतं.

इथे काय मिळेल हे त्या दिवशीच कळतं. संघांसाठी आणि इतरांसाठी राखून ठेवलेल्या जागा शेवटी मोकळ्या झाल्या की त्या विक्रीला येतात, त्यामुळे कधी कधी फार चांगली जागा हाती लागते. महिनाभर आधी फोनवर शोधूनही जी दिसली नसती अशी.

साध्या दिवशी विक्रीच्या पाऊण तास आधी पोहोचलात तरी पुरतं. मोठ्या सामन्याला तीन-चार तासांची तयारी ठेवा. पाण्याची बाटली, टोपी आणि बोलायची तयारी न्या. रांगेत दरवेळी एखादे आजोबा भेटतात ज्यांनी इथे ६० वर्षांपूर्वी सामना पाहिलेला असतो, आणि तुम्ही भारतातून आलात म्हटल्यावर ते क्रिकेटबद्दल विचारतात. मला बेसबॉल जेवढा कळतो त्यातला निम्मा या रांगेत कळला.

आम्ही चौघं आहोत. एकत्र जागा मिळतील?

गेट ईवर चौघंही रांगेत एकामागोमाग असाल तर जवळपासच्या जागा मिळू शकतात, पण त्यावर भिस्त ठेवू नका. चौघांसाठी जर्सी स्ट्रीटच्या कार्यालयात दुपारीच जा, किंवा आदल्या दिवशी. शहर बघायला आला असालच तर वाट थोडी वाकडी करायची.

खिडकीवर स्वस्त पडतं की फोनवर?

तिकिटाची मूळ किंमत दोन्हीकडे सारखीच असते, पण ऑनलाइन खरेदीवर सेवाशुल्क चढतं. चार-पाच तिकिटांवर ते चांगलंच जाणवतं. मे २०२५ पासून अमेरिकेत नवा केंद्रीय नियम लागू झालाय: कार्यक्रमांच्या तिकिटांची किंमत सगळी शुल्कं धरूनच आधी दाखवावी लागते. त्यामुळे शेवटच्या पानावर आकडा अचानक फुगत नाही आणि तुलना करणं सोपं झालंय. फोनवर एकूण आकडा बघा, खिडकीवर त्याच विभागाचा भाव विचारा आणि ठरवा.

भाव रोज बदलतात, हेही लक्षात घ्या. विमानाच्या तिकिटासारखं आहे. समोरचा संघ, वार, हवा, मागणी, सगळ्याप्रमाणे आकडा हलतो. हा प्रकार आधी सॅन फ्रान्सिस्कोच्या संघाने २००९ मध्ये थोड्या जागांवर करून पाहिला आणि मग सगळीकडे पसरला. म्हणून "गेल्या वर्षी आम्ही एवढ्याला घेतलं होतं" या माहितीचा उपयोग नाही.

मात्र एक कबूल करायला हवं. पडेल संघाविरुद्ध, पावसाळी सोमवारी, सामन्याला तासभर उरलेला असताना पुनर्विक्रीच्या ॲपवर कधी कधी खिडकीपेक्षाही स्वस्त तिकीट दिसतं. ज्यांच्याकडे हंगामभराची तिकिटं असतात ते मिळेल त्या भावाला सोडतात. ते घ्यायला हरकत नाही, पण पुढचं उत्तर वाचून घ्या.

कोणती जागा मागावी?

फेनवे १९१२ साली बांधलंय. मेजर लीगमधलं, म्हणजे बेसबॉलच्या सर्वांत वरच्या साखळीतलं, सर्वांत जुनं स्टेडियम. त्याचं सगळं सौंदर्य त्याच्या जुनेपणात आहे, आणि बसायची अडचणही त्यातच आहे. छत पेलणारे खांब प्रेक्षकांच्या मधोमध उभे आहेत.

माझे बाबा पहिल्यांदा आले तेव्हा मी तिकिटं पुनर्विक्रीच्या एका ॲपवर घेतली. नकाशात जागा सुरेख दिसत होती. जाऊन बसलो तर बाबांच्या समोर बरोब्बर खांब. बॉल टाकणारा दिसायचा, पण मारणारा दिसायचा नाही. बाबा तीन तास डावीकडे झुकून बसले आणि घरी येताना "छान होतं रे" म्हणाले. ते मला अजून लागतं. पुढच्या वर्षी मी त्यांना घेऊन जर्सी स्ट्रीटवरच्या खिडकीवर गेलो आणि आतल्या बाईंना म्हटलं, "खांब नको, वडील आहेत सोबत." त्यांनी पडद्यावरच्या दोन जागा सोडून दिल्या आणि तिसरी दिली. समोर अख्खं मैदान मोकळं होतं.

खिडकीवर जाण्याचं माझ्या लेखी खरं कारण हेच आहे. पलीकडच्या माणसाला मैदान पाठ असतं. विचारा: खांब आडवा येतो का? ऊन कधीपर्यंत असतं? किती पायऱ्या आहेत?

आता विभागांबद्दल. ग्रँडस्टँड म्हणजे छताखालच्या जुन्या लाकडी खुर्च्या. अरुंद आहेत आणि गुडघे पुढच्या खुर्चीला लागतात, पण सावली मिळते आणि पाऊसही अंगावर येत नाही. खांबही इथेच आहेत. पहिल्या आठेक विभागांच्या खुर्च्यांची तोंडं फलंदाजाकडे नसून मैदानाच्या मध्याकडे आहेत, तेव्हा तिथे मान डावीकडे वळवून बसावं लागतं. ज्यांची मान दुखते त्यांच्यासाठी त्या घेऊ नका. ३२ आणि ३३ हे विभाग दारूविरहित आहेत. लहान मुलं सोबत असतील तर मी तेच मागतो.

ब्लीचर्स म्हणजे मैदानाच्या पलीकडच्या टोकाच्या, उघड्यावरच्या जागा. लांब आहेत, पण खांब नाहीत, आणि खरी गंमत करणारे लोक इथे बसतात. दुपारच्या सामन्याला ऊन भाजून काढतं. याच भागात, ४२ व्या विभागात ३७ व्या रांगेतली २१ क्रमांकाची खुर्ची तेवढी लाल आहे. ९ जून १९४६ रोजी रेड सॉक्सच्या टेड विल्यम्सने मारलेला चेंडू ५०२ फुटांवर तिथे पडला होता. तिथे उभं राहून फलंदाजाकडे बघा, मग तो फटका केवढा होता ते समजतं. ३५ वा विभाग दिवसाच्या सामन्यांना गडद कापडाने झाकून टाकतात, कारण पांढऱ्या गर्दीतून येणारा पांढरा चेंडू फलंदाजाला दिसणार नाही. आपल्याकडच्या साइटस्क्रीनसारखंच.

हिरव्या भिंतीवरच्या, म्हणजे ग्रीन मॉन्स्टरवरच्या, जागा २००३ मध्ये केल्या. भिंत ३७ फूट उंच आहे आणि जागा मोजक्याच. सामन्याच्या दिवशी खिडकीवर मिळतीलच असं धरून चालू नका, पण विचारायला पैसे पडत नाहीत.

आणि सगळ्यात स्वस्त म्हणजे उभ्याची तिकिटं. तरुण असाल तर खुशाल घ्या. विद्यार्थ्यांसाठी संघाने ९ डॉलरची तिकिटं ठेवलेली आहेत, पण ती खिडकीवर मिळत नाहीत. आधी विद्यार्थी म्हणून नोंदणी करावी लागते आणि मग फोनवर संदेश येतो. भाच्याला आल्या आल्या नोंदणी करायला सांगा.

आजी-आजोबांना चालणं कठीण आहे. काय करावं?

त्यांना गेट ईच्या रांगेत उभं करू नका. कार्यालयात कमी पायऱ्यांची किंवा व्हीलचेअरची जागा मागा. त्या जागा वेगळ्या राखलेल्या असतात आणि सोबतच्या माणसालाही शेजारी जागा देतात.

पैसे कसे द्यायचे? ओळखपत्र लागतं का?

कार्डाने. स्टेडियमच्या आत रोख घेत नाहीत. भारतातून आलेल्यांचं कार्ड वापरायचं असेल तर बँकेच्या ॲपमधून आंतरराष्ट्रीय वापर आधी सुरू करून घ्या. खिडकीवर पोहोचल्यावर ते करायला गेलात तर ओटीपी भारतातल्या नंबरवर जातो आणि मागची रांग खोळंबते.

तिकिटं आता फोनवर असतात, एमएलबी बॉलपार्क या ॲपमध्ये. खिडकीवर घेताना ते फोनवर येईल की हातात मिळेल हे तिथेच विचारा, आणि फोन पूर्ण चार्ज करून न्या. आत बिअर घ्यायची असेल तर २१ वर्षं पूर्ण असल्याचा पुरावा लागतो. भारतातून आलेल्यांनी पासपोर्ट जवळ ठेवावा. आधार कार्डाचा इथे उपयोग नाही.

रस्त्यावर "तिकीट हवंय का?" विचारणारे असतात. त्यांच्याकडून घ्यावं का?

घेऊ नका. केनमोर स्टेशनच्या बाहेर पाय ठेवल्यापासून ते भेटतात. मॅसॅच्युसेट्समध्ये तिकिटांच्या पुनर्विक्रीच्या धंद्याला परवाना लागतो, आणि छापील किमतीपेक्षा दोन डॉलर व सेवाखर्च याहून जास्त घेता येत नाही असा कायदा आहे. रस्त्यावरचा माणूस यातलं काही पाळत नाही. शिवाय फोनवरच्या तिकिटाचा फोटो दारावर चालत नाही. आमच्या ओळखीच्या एका कुटुंबाने असे तीन फोटो विकत घेतले होते. एकही स्कॅन झाला नाही, पैसे गेले, आणि लहान मुलगा गेटवर रडत होता. अधिकृत खिडकी तिथून पाच मिनिटांवर होती.

कसं पोहोचायचं?

गाडी नेऊ नका. पार्किंगचे ४०-५० डॉलर सहज जातात, जास्तही. वर सामना सुटल्यावर तासभर अडकून पडायचं.

शहरातून ग्रीन लाइनने केनमोरला उतरा. बी, सी आणि डी या गाड्या तिथे जातात, ई जात नाही. ती कोप्लीनंतर वेगळी वळते. पाहुण्यांना एकटं पाठवत असाल तर हे लिहून द्या.

वेस्टबरो, ॲशलंड, फ्रेमिंगहॅम या पट्ट्यात तर आपली कितीतरी घरं आहेत. त्यांच्यासाठी वूस्टर लाइनची लोकल थेट लॅन्सडाउन स्टेशनला थांबते, मैदानापासून चालत काही मिनिटांवर. परतीच्या शेवटच्या गाडीची वेळ मात्र जातानाच बघून ठेवा. २०२३ मध्ये प्रत्येक चेंडू ठरावीक सेकंदांत टाकायचं घड्याळ लावल्यापासून सामना साधारण दोन तास चाळीस मिनिटांत आटोपतो, पण बरोबरी झाली तर लांबतो.

पिशवी नेता येते का?

पाठीवरची सॅक घरी ठेवा. ऑफिसातून थेट आलात आणि लॅपटॉपची सॅक सोबत असेल तर दारावरून परत फिरवतात. गेट ईचं तिकीट घेऊन लगेच आत जायचं असतं, तेव्हा सॅक ठेवायला जायला वेळही नसतो. पाकीट, फोन, जाकीट, बास.

पाऊस आला तर पैसे बुडतात?

नाही. सामना पुढे ढकलला तर तेच तिकीट नव्या तारखेला चालतं. अडचण एवढीच की पाहुणे तोवर परत गेलेले असतात, म्हणून त्यांच्या मुक्कामाच्या शेवटच्या दिवशी सामना ठेवू नका. रिमझिम पावसात खेळ बहुधा चालूच राहतो, जोराचा आला तर थांबतो आणि पुन्हा सुरू होतो. अशा दिवशी ग्रँडस्टँडचं छत उपयोगी पडतं.

शाकाहारी काही मिळतं?

पिझ्झा, फ्रेंच फ्राइज, प्रेट्झेल, पॉपकॉर्न, शेंगदाणे, आइस्क्रीम. पोट भरतं, पण महाग पडतं. घरून जेवून निघा.

आणि तिकीट मिळालंच नाही तर?

क्वचित होतं, पण होतं. यांकीजविरुद्धच्या एका शुक्रवारी मी आणि माझी मुलगी गेट ईच्या रांगेत होतो आणि आमच्या पुढे वीसेक माणसं असताना खिडकी बंद झाली. तेव्हा लॅन्सडाउन स्ट्रीटवरच पुढे चालत जा. ब्लीचर्सच्या खाली ब्लीचर बार नावाचं एक ठिकाण आहे, आणि त्याच्या मागच्या भिंतीला मोठी जाळीची खिडकी आहे. ती थेट मैदानात उघडते, गवताच्या पातळीवर. गर्दी असते, खिडकीजवळ फार वेळ बसू देत नाहीत. पण आम्हाला नऊपैकी दोन इनिंग उभं राहायला मिळालं. सेंटर फील्डचा खेळाडू आमच्याकडे पाठ करून उभा होता, त्याच्या बुटांना लागलेली माती दिसत होती, आणि लेकीने जाळीला नाक लावून ठेवलं होतं.